अंजनेरी : अंजनीचा डोंगर की काजळाचा?

ठाण्याच्या एका वाचकाने विचारलं आहे : "पावसाळ्यात आम्ही अंजनेरीला येतोय. अंजनीमातेवरून हे नाव पडलं, असं सगळीकडे वाचतो. पण हंपीजवळही अंजनाद्री आहे, तिरुमलालाही अंजनाद्री आहे. मग आपल्या अंजनेरीचं नाव नेमकं आलं कुठून? आणि समुद्राच्या बाजूच्या या डोंगरांना मुळात नावं पडतात कशी?"

तीस वर्षांहून जास्त काळ मी नाशिकच्या आसपासचे डोंगर चढतोय, पोरांना घेऊन जातोय आणि जिथे जाईन तिथली नावं वहीत उतरवून घेतोय. त्या वह्यांच्या भरवशावर आधी उत्तर देतो, मग त्याची कारणं सांगतो. अंजनेरी हा माझ्या मते 'अंजनगिरी' हा शब्द बोलून बोलून झिजल्यावर उरलेला शब्द आहे. त्याचा साक्षीदार तुमच्या ठाण्याजवळच, बोरिवलीच्या जंगलात उभा आहे. त्या साक्षीदाराचं जुनं नाव मात्र कोरलेलं सापडतं आमच्या नाशिकला, पांडवलेण्यांत.

'समुद्राच्या बाजूचे डोंगर' हे तुम्ही अगदी बरोबर म्हणालात. नाशिकला समुद्र नाही म्हणून लोकांना हे पटत नाही. पण त्र्यंबकच्या ब्रह्मगिरीवर उगवणारी गोदावरी अरबी समुद्रापासून जेमतेम 80 किलोमीटरवर जन्मते आणि पाठ फिरवून साडेचौदाशे किलोमीटर चालत बंगालच्या उपसागराला जाते. त्याच ब्रह्मगिरीचं दुसऱ्या अंगाचं पाणी वैतरणा होऊन पश्चिमेला समुद्रात उतरतं. अंजनेरी याच ओळीतली. नाशिकहून त्र्यंबक रस्त्याने वीसएक किलोमीटर गेलं की डाव्या हाताला दिसते, उंची साधारण 1300 मीटर. ढग कोकणातून वर चढून येतात तेव्हा पहिला धक्का या रांगेला बसतो. ही रांग पूर्वेकडे उतरत येते आणि मुंबई-आग्रा रस्त्यालगतच्या तीन शंकूसारख्या टेकड्यांपाशी संपते. त्यातल्या एका टेकडीत पांडवलेणी आहेत.

आता जरा त्या लेण्यांत चला, कारण आपल्या प्रश्नाची किल्ली तिथेच आहे.

दहा नंबरच्या लेण्यात क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्यात तो म्हणतो की गोवर्धनात, म्हणजे नाशिकच्या याच भागात, 'त्रिरश्मि' पर्वतांमध्ये, हे लेणं करवलं. 'लेणं' हा शब्द त्याने तसाच वापरला आहे आणि आपण आजही तोच वापरतो. याच लेखात त्याने कोणकोणत्या नद्या ओलांडायला फुकट नावांची सोय केली तेही कोरून ठेवलंय : इबा, पारादा, दमण, तापी, करबेणा, दाहनुका. दाहनुका म्हणजे डहाणूची नदी. नाशिकच्या डोंगरात बसून तो कोकण किनाऱ्यावरच्या नावांचा हिशेब लिहितोय. घाटावरचे हे डोंगर आणि खालचं बंदर, दोन्ही त्या काळी एकाच वहीत होते.

तिथून थोडं पुढे-मागे चाललं की तीन नंबरचं लेणं लागतं. त्याच्या ओसरीच्या भिंतीवर सातवाहनांची राजमाता गौतमी बलश्री हिचा लेख आहे, नातू पुळुमावीच्या राज्याच्या 19 व्या वर्षातला, म्हणजे इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला. त्यात याच डोंगराचं नाव येतं ते 'तिरण्हु'. त्रिरश्मि आणि तिरण्हु हे एकच नाव. एक संस्कृत वळणाचं, दुसरं रोजच्या बोलण्यात घासून गुळगुळीत झालेलं. दोन्ही एकाच टेकडीवर, हाकेच्या अंतरावर कोरलेली. डोंगराचं नाव झिजतं कसं, हे दगडात पाहायचं असेल तर याहून चांगली जागा मला माहीत नाही. प्रत्येक नव्या तुकडीला मी डोंगरावर नेण्याआधी इथे आणतो आणि दोन्ही लेखांसमोर पाच-पाच मिनिटं उभं करतो.

त्याच बलश्रीच्या लेखात तिच्या मुलाच्या, गौतमीपुत्र सातकर्णीच्या, ताब्यातल्या पर्वतांची यादी आहे. त्यात 'सह्य' आहे. आपला सह्याद्री. आणि सह्यच्या लगोलग पुढचं नाव आहे 'कण्हगिरि'. कण्ह म्हणजे कृष्ण, काळा. कण्हगिरि म्हणजे काळा डोंगर. हाच शब्द पुढे झिजला आणि 'कान्हेरी' झाला. बोरिवलीच्या जंगलातली कान्हेरी ती हीच.

झीज कशी झाली तेही सोपं आहे. प्राकृतात दोन स्वरांच्या मधला 'ग' टिकत नाही, गळतो. कण्हगिरिमधला ग गेला की उरतं 'कण्हइरि'. अ आणि इ एकत्र आले की 'ए' होतो. झालं 'कण्हेरि', कान्हेरी. नगर या शब्दाचंही असंच झालं. नगर, नयर, नेर. अमळनेर, पिंपळनेर, संगमनेर ही सगळी नगरंच.

आता तोच नियम 'अंजनगिरि'ला लावून पाहा. ग गळला, अंजनइरि. अ-इ जुळले, अंजनेरि. शब्द जसाच्या तसा हातात येतो, कुठे ओढाताण करावी लागत नाही. आणि अर्थाचं बघा. अंजन म्हणजे काजळ. कान्हेरी काळा डोंगर, अंजनेरी काजळाचा डोंगर. एक किनाऱ्यावर, एक घाटमाथ्यावर, आणि दोघींचं नाव एकाच गोष्टीवरून : रंगावरून.

हा रंग पाहायचा असेल तर तुम्ही पावसाळ्यात येताय ते उत्तमच. मे महिन्यात अंजनेरी करडी दिसते, वाळलेल्या गवताची, धुळीची. तिच्याकडे बघून कोणी काजळ म्हणणार नाही. पण मृगाच्या दोन-तीन चांगल्या सरी झाल्या की कडा भिजतो आणि बेसॉल्ट असा काळा पडतो की त्यावरून ओघळणारं पाणी चुन्याच्या रेघोट्यांसारखं उठून दिसतं. एकदा जुलैत आम्ही सकाळी सहाच्या सुमाराला फाट्यावर चहा घेत उभे होतो. डोंगर दिसतच नव्हता, सगळा ढगात. मग वाऱ्याने ढग एका बाजूला सारला आणि कड्याचा एवढासा तुकडा उघडा पडला, ओला, काळाभोर, कडेला हिरव्या गवताची बारीक रेघ. बरोबरची एक कॉलेजातली मुलगी म्हणाली, "सर, डोळ्यात काजळ घातल्यासारखं दिसतंय." तिला नावाविषयी मी तोवर काहीही सांगितलेलं नव्हतं.

आता दुसऱ्या बाजूचं म्हणणं, कारण तेही वजनदार आहे.

काही जण अंजनेरीत 'नेर' पाहतात. अंजनाची नगरी, म्हणून अंजनेरी. ते हसण्यावारी न्यावं असं नाही. पायथ्याच्या अंजनेरी गावात यादवांच्या काळातली हिंदू आणि जैन मंदिरं आहेत, पुरातत्त्व खात्याकडे सोळा मंदिरांचा समूह म्हणून नोंदलेली. आज भग्न आहेत, पण कोरीव दारं आणि खांब अजून बोलतात. त्यातल्या एका जैन मंदिरात शके 1063 चा, म्हणजे इसवी सन 1141 च्या सुमाराचा, यादव राजवटीतला दानाचा लेख आहे. त्याहूनही मागे, आठव्या शतकाच्या सुरुवातीचे भोगशक्तीचे ताम्रपट अंजनेरीलाच सापडले. त्याचं घराणं पुरी-कोंकणावर राज्य करणारं, म्हणजे पुन्हा तीच किनाऱ्याची आणि घाटमाथ्याची गाठ. इतकं मोठं गाव खाली होतं, तर डोंगराने गावाचं नाव घेतलं असं का नसावं?

या प्रश्नाने मला बरीच वर्षं छळलं. त्याचं कारण एक आजी.

सुरुवातीच्या वर्षांत मी नावं गोळा करताना एक मोठी चूक करायचो. माणूस भेटला की विचारायचो, "हा अंजनीमातेचा डोंगर ना?" समोरचा म्हणायचा, "हो." मी वहीत लिहायचो : स्थानिकांच्या मते अंजनीमातेवरून. असे पंधरा-वीस 'हो' जमवल्यावर लक्षात आलं की हे उत्तर माझंच आहे, मी ते फक्त त्यांच्या तोंडून वदवून घेतोय. पाहुण्याला नाही कशाला म्हणा, म्हणून ती माणसं हो म्हणत होती. मग डोंगराच्या मागच्या अंगाला, मुळेगावच्या बाजूला, एक आजी अंगणात सुपात वरई पाखडत बसली होती. तिला मी नुसतं विचारलं, "आजी, याला काय म्हणता?" आणि हात वर केला. तिने सुपावरून मानही उचलली नाही. म्हणाली, "डोंगर." मी म्हटलं, "अंजनेरी नाही म्हणत?" तर म्हणाली, "अंजनेरी तिकडं. गाव हाय ते."

जो डोंगर रोज डोळ्यांसमोर आहे, ज्यावर गुरं जातात, जिथून सरपण येतं, त्याला विशेषनाम लागतच नाही. तो 'डोंगर'. नाव लागतं ते लांबच्याला, वाटसरूला, कारकुनाला, यात्रेकरूला. पायथ्याच्या माणसाकडे नावं असतात ती डोंगराच्या अवयवांची. दांड, सोंड, नाळ, घळ, बारी, नेढं. त्या आजीच्या नातवाने मला तासाभरात अकरा जागांची नावं सांगितली. त्यातलं एकही नाव मी कोणत्याही नकाशावर पाहिलेलं नव्हतं. ब्रह्मगिरीच्या अंगावर 'मेटघर किल्ला' नावाचं गाव आहे. मेट म्हणजे गडाखालची पहाऱ्याची चौकी. पहारा कधीचाच उठला, चौकी गेली, पण मेटकऱ्यांची वस्ती आणि तिचं नाव राहिलं. अशा नावांत इतिहास शिखराच्या नावापेक्षा जास्त भरवशाचा असतो, असा माझा अनुभव आहे. त्यांच्यावर कथा रचायला कोणी बसलेलं नसतं.

तर आजीच्या बोलण्याने नेरवाल्यांची बाजू बळकट होते, हे मान्य. तरीही माझा कौल गिरीला आहे. एक तर 'अंजननगरी'पासून निघालं तर मधला एक अख्खा न जास्तीचा गाळावा लागतो. कान्हेरीच्या वाटेने गेलं की काहीच जास्तीचं करावं लागत नाही. दुसरं, या भागातली नेर असलेली गावं 'नेर'वर थांबतात, पुढे ई लागत नाही. कान्हेरीला लागते, कारण ती गिरीतली आहे. आणि डोंगराचं नाव पायथ्याच्या गावाला मिळणं हा तर नेहमीचाच प्रकार. गावाने नाव उचललं, डोंगर पायथ्याच्या माणसांसाठी पुन्हा नुसता डोंगर झाला. आजीचं म्हणणं आणि माझं म्हणणं यात त्यामुळे भांडण उरत नाही.

शेजारच्या ब्रह्मगिरीकडे पाहिलं की हे आणखी स्पष्ट होतं. तिथला 'गिरी' झिजला नाही. कारण ते नाव पोथीत, संकल्पात, तीर्थोपाध्यायांच्या तोंडी राहिलं, रोज शुद्ध उच्चारलं गेलं. अंजनेरीचं नाव बाजाराच्या वाटेवरच्या लोकांच्या तोंडी पडलं आणि नदीतल्या गोट्यासारखं घासलं गेलं. नाव इतकं घासलेलं आहे, याचाच अर्थ ते फार जुनं आहे आणि फार तोंडांतून फिरलेलं आहे. परवा कोणी ठेवलेलं नाव असं दिसत नाही.

मग अंजनीमातेचं काय? तिचं नावही याच शब्दातून आलेलं. अंजना, अंजनी. त्यामुळे 'अंजनगिरी' म्हटलं की त्यात काजळही ऐकू येतं आणि हनुमानाची आईही, आणि हजार वर्षांपूर्वीच्या माणसाने त्यातलं एकच ऐकलं असेल असं मला वाटत नाही. शिवाय हे नाशिक आहे. इथे पंचवटी आहे, सीतागुंफा आहे, दिंडोरीच्या वाटेवर रामशेज आहे, म्हणजे रामाची शेज. अख्खा परिसर लोकांनी रामायणातून वाचला आहे. त्या परिसरात अंजन नावाचा डोंगर असेल तर तिथे अंजनी यायचीच, बाळ मारुती यायचाच. वर पठारावर अंजनीमातेचं मंदिर आहे, माथ्यावर आणखी एक आहे, तिथे तिच्याजवळ बाळ हनुमान आहे. पठारावरचं तळं वरून पावलाच्या आकाराचं दिसतं, ते हनुमानाचं पाऊल म्हणून लोक मानतात. मी आजवर माथ्यावर जाऊन हात न जोडता कधीही उतरलेलो नाही.

हंपीजवळची अंजनाद्री, तिरुमलाची अंजनाद्री यांच्याशी तुलना करताना एवढं ध्यानात ठेवा की अद्री म्हणजेही डोंगरच. जिथे जिथे ही कथा प्रेमाने सांगितली गेली तिथे तिथे एखादा डोंगर अंजनीचा झाला. 2021 मध्ये तिरुमला देवस्थानाने हनुमानाचं जन्मस्थान आपल्याकडे असल्याचं जाहीर केलं, 2022 च्या मे अखेरीस नाशिकला याच विषयावर शास्त्रार्थ भरला. तेव्हा बरेच जण मला फोन करून विचारत होते की नावाच्या अभ्यासातून याचा निकाल लागेल का. नाही लागणार. शब्द कुठून आला हे शब्दाचा अभ्यास सांगतो. मारुतीराय कुठे जन्मले हा श्रद्धेचा प्रश्न आहे, त्याच्यात व्याकरण घालून कोणाचंच समाधान होणार नाही, आणि ते घालू नये असं मला मनापासून वाटतं.

तुमच्या प्रश्नाचा शेवटचा भाग राहिला : या डोंगरांना नावं पडतात कशी? सगळीच काही झिजून झालेली नसतात. कळसूबाई घ्या, आमच्या इगतपुरी आणि शेजारच्या अकोले तालुक्यांच्या सीमेवरची, 1646 मीटर, महाराष्ट्रातलं सर्वांत उंच शिखर. तिच्या नावात गिरी नाही, अद्री नाही, सरळ 'बाई' आहे. कळसू ही कोळ्याची मुलगी, रानात रमणारी. पायथ्याच्या इंदोरे गावात एका घरी कामाला राहिली, पण अट घालून : भांडी घासणार नाही, केर काढणार नाही. काही दिवस बरं चाललं. मग घरातल्या कोणीतरी तिला तेच काम सांगितलं. तिने ते केलं, आणि सरळ डोंगरावर निघून गेली ती पुन्हा उतरलीच नाही. जिथे तिने भांडी घासली ती जागा थाळेमेळ. मला ही कथा फार प्रिय आहे. राज्याच्या सगळ्यात उंच ठिकाणाला नाव आहे ते राजाचं नाही, एका मानी मोलकरणीचं.

समुद्रावरून येणाऱ्यांची नावं ठेवायची रीत वेगळी. त्यांना डोंगराचा फक्त आकार दिसतो, तोही लांबून, गलबताच्या नाळेवरून. कर्नाळ्याचा सुळका इंग्रजांना नरसाळ्यासारखा, धुराड्यासारखा दिसला, त्यांनी त्याला 'फनेल हिल' म्हटलं. घाटातल्या नागफणीत आपल्या माणसाला नागाचा फणा दिसला, इंग्रजाला त्यांच्या ड्यूक ऑफ वेलिंग्टनचं नाक दिसलं, म्हणून 'ड्यूक्स नोज'. किनाऱ्यावरच्या संजाणचं त्यांनी 'सेंट जॉन' करून टाकलं, कानाला ओळखीचं वाटलं म्हणून. आकारावरून नाव आपणही ठेवतोच. अंजनेरीच्याच अंगाला दोन सुळके आहेत, त्यांना 'नवरा-नवरी' म्हणतात. पावसात दोघांच्या मध्ये ढग अंतरपाटासारखा उभा राहतो.

आणि एक नाव उलट्या दिशेने गेलेलं. अंजनेरीच्या पठारावर उगवणारी कंदीलपुष्पाची एक जात 2006 मध्ये विज्ञानाला नवी म्हणून नोंदली गेली, तिचं शास्त्रीय नाव 'सेरोपेजिया अंजनेरिका'. ऑगस्ट-सप्टेंबरात आलात तर गवतात बारीक कंदिलासारखी फुलं दिसू शकतील. वाटेवरूनच बघा, गवतात पाय घालू नका, तोडायचं तर नावच नको. पाच फुलं तुडवली गेली तरी तिथे ते नुकसान मोठं असतं.

येताना शक्यतो शनिवार-रविवार टाळा. गावातल्या मंदिरांना आधी एक तास द्या, बहुतेक गाड्या त्यांना वळसा घालून थेट वर जातात. पायऱ्यांच्या खिंडीत एक जैन लेणं आहे, तिथे दम खायला थांबा, आत पार्श्वनाथांची कोरीव मूर्ती आहे. आणि वाटेत कोणी गुराखी भेटला तर त्याला "हा अंजनीचा डोंगर ना" असं विचारू नका. हात करून नुसतं "याला काय म्हणता?" विचारा, आणि तो जसं म्हणेल तसं, त्याच्याच उच्चारात, तारीख आणि गाव घालून लिहून घ्या. ठाण्याला परत गेल्यावर एखाद्या सकाळी कान्हेरीला जा. तिथला कातळही पावसात भिजलेला असतानाच बघा.